सोसणे म्हणजे खंबीरपणा नव्हे

आपल्या वस्तीत एखादी वयस्क बाई गेली की पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमात एक वाक्य हमखास ऐकायला मिळते. ‘बाईनं आयुष्यभर सोसलं, पण कधी तोंडातून ब्र काढला नाही.’ बसलेली मंडळी माना हलवतात आणि वक्ता पुढच्या मुद्द्याकडे वळतो. कौतुक म्हणून बोललेले हे वाक्य आम्हाला मात्र खुपते. ब्र का काढला नाही? काढला असता तर ऐकायला कोण होते? आणि न बोलता सोसल्याची किंमत तिने कशात मोजली? झोपेत? रक्तदाबात? की घरात कधीच ऐकू न आलेल्या तिच्या हसण्यात?

आरोग्याच्या पानावर साखर, टीबी, डेंग्यू यांची चर्चा होते. आज मनाबद्दल बोलू. आमचे मत सरळ आहे. मुकाट्याने सोसणे वेगळे आणि खंबीर असणे वेगळे. खंबीरपणा माणसांच्या सोबतीने येतो, एकट्याने दातओठ खाऊन येत नाही. आणि सगळ्या अडचणी संपल्यावरच आनंदाची पाळी येईल असे धरून बसलो, तर ती पाळी आपल्या हयातीत येणार नाही. अडचणी चालू असतानाच आनंद मिळवावा लागतो. भाकरी जशी रोज लागते, तसा तोही रोज लागतो.

दुखणे मनाचे, गोळी पित्ताची

दवाखान्यात आलेली बाई ‘मला उदास वाटतं’ असे सांगत नाही. ती सांगते, डोके जड झालेय, छातीत धडधडते, हातापायांत गोळे येतात, अंगात त्राण नाही, जेवण जात नाही, पहाटे तीनला जाग येते आणि मग डोळाच लागत नाही. पुरुष तर एवढेही सांगत नाही. तो संध्याकाळी गुत्त्याची वाट धरतो. बाईला पित्ताची गोळी मिळते, ताकदीचे सलाईन लागते. चार दिवस बरे वाटते, पाचव्या दिवशी पुन्हा तेच. मग शेजारची कोणीतरी कानात सांगते, ‘बाहेरचं दिसतंय, दाखवून आण.’ बावीस प्रतिज्ञांची तसबीर लावलेल्या घरांतूनही माणसे गुपचूप बुवाकडे जातात, हे आपण सगळे जाणतो. तिथे पैसा जातो, वेळ जातो आणि दुखणे मुरते.

धोका दिसला की शरीर तयारीला लागते. छाती धडधडते, रक्तदाब चढतो, रक्तातली साखर वाढते, झोप उडते. कुत्रा मागे लागला तर पळण्यासाठी ही तयारी कामाची आहे. कुत्रा गेला की शरीर पुन्हा शांत होते. पण धोका रोजचाच असेल तर? हप्ता भरायचा आहे, घर पाडण्याची नोटीस आली आहे, नवरा पिऊन येणार आहे, मुलीची फी राहिली आहे. मग शरीर शांत व्हायला सवडच मिळत नाही. महिनोन्‌महिने असे चालले की रक्तदाब कायमचा चढतो, साखर आटोक्यात येत नाही, झोप मोडते, चिडचिड वाढते. म्हणून मनाचा विषय हा आरोग्याचाच विषय आहे.

बंगळुरूच्या निमहान्स संस्थेने केंद्र सरकारसाठी २०१५-१६ मध्ये १२ राज्यांत राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षण केले. प्रौढ माणसांपैकी दहा टक्क्यांहून थोडी जास्त माणसे त्या वेळी कोणत्या ना कोणत्या मानसिक आजाराने त्रासलेली आढळली. आजारागणिक ७० ते ९२ टक्के लोकांना उपचारच मिळत नव्हता. हाच देशाचा हिशेब आपल्याला लावून पाहू. शंभर घरांच्या वस्तीत अडीचशे प्रौढ धरले तर पंचवीसेक माणसे आजारी निघतील, आणि त्यांतल्या निदान सतरा-अठरा जणांपर्यंत उपचार पोहोचलेला नसेल. ही सतरा-अठरा माणसे कोण, हे वस्तीला माहीत नसते. कारण ती सोसत असतात आणि आपण त्यांचे कौतुक करत असतो.

दुःख कोणते, आजार कोणता

इथे एक गोष्ट नीट वेगळी करायला हवी. प्रत्येक दुःख हा आजार नसतो. घरात मृत्यू झाला, काम सुटले, मुलगा दहावीला नापास झाला, तर रडू येणारच. ते यायलाच हवे. आडनाव ऐकून भाड्याची खोली नाकारली गेली, तर संताप येणार. तो संताप निरोगी मनाचा आहे. नळाला पाणी नाही म्हणून रात्री दोनला हंडे घेऊन रांगेत उभ्या राहणाऱ्या ताईला ‘सकारात्मक विचार करा’ असे सांगणे ही तिची चेष्टा आहे. तिला नळ हवा आहे. खंबीरपणाची व्याख्याने देऊन पालिकेची जबाबदारी झाकायची असेल, तर ती व्याख्याने आम्हाला नकोत.

पण दुसऱ्या बाजूचे म्हणणेही आम्हाला मान्य नाही. आपल्यातले काही जाणते कार्यकर्ते म्हणतात, ‘आधी प्रश्न सुटू द्या, मनाचे चोचले नंतर पुरवू.’ त्यांना आम्ही एवढेच विचारतो, नळासाठी मोर्चा काढायचा तर सकाळी उठून निघायचे बळ कुठून आणणार? ज्याचे मन खचले आहे त्याला वाटते, काहीच बदलणार नाही, आपल्याच्याने काही होणार नाही. अशी माणसे मोर्चात येत नाहीत, बचत गटाच्या बैठकीला येत नाहीत, मुलांच्या शाळेत जात नाहीत. मनाचे आरोग्य नसेल तर लढाई सुरू होण्याआधीच माणूस घरी बसतो.

‘बुद्ध आणि त्याचा धम्म’ या ग्रंथाच्या प्रस्तावनेत बाबासाहेबांनी नेमका हाच प्रश्न उपस्थित केला आहे. जगणे दुःख, मरणे दुःख, पुन्हा जन्मणेही दुःख, असे म्हटले तर माणसाला आशा कसली उरली? मग धर्म माणसाला या जगात सुखी कसा करणार? माणसाची आशा हिरावून घेणारी शिकवण खरोखर बुद्धांची असेल का, अशी शंका त्यांनी तिथे मांडली आहे. आशा हा बाबासाहेबांच्या लेखी चोचला नव्हता.

मग आजार केव्हा समजायचा? साधी खूण अशी. मन बहुतेक वेळ उदास आहे, किंवा पूर्वी आवडणाऱ्या कशातच रस उरलेला नाही, आणि हे जवळपास रोज, दोन आठवड्यांहून जास्त चालले आहे. त्याच्या जोडीला झोप बिघडली आहे, भूक गेली आहे किंवा फार वाढली आहे, थकवा जात नाही, कामात लक्ष लागत नाही, आपण कुचकामी आहोत असे वाटते, मरणाचे विचार येतात. यांतल्या चार-पाच गोष्टी एकत्र दिसल्या आणि रोजची कामे अडू लागली, तर त्याला नैराश्य म्हणतात. ते मलेरियासारखेच दुखणे आहे. त्यात माणसाचा दोष नाही, त्याच्या घराण्याचा नाही, कोणाच्या नजरेचा तर नाहीच नाही.

हरारेच्या आज्या

‘पण बोलायचं कुणाशी?’ असे कोणी विचारील. मनाचे डॉक्टर मोठ्या शहरात, त्यांची फी परवडत नाही, आणि तिथे जाताना कोणी पाहिले तर लोक वेडा म्हणतील. ही अडचण खरी आहे. पण ती एकट्या आपलीच नाही. आफ्रिकेतल्या झिम्बाब्वे या गरीब देशाने तिच्यावर काढलेला मार्ग आपल्या वस्त्यांनी मुद्दाम पाहावा असा आहे.

२००५ मध्ये तिथल्या सरकारने शहरांतल्या गरीब वस्त्यांवर बुलडोझर चालवले. संयुक्त राष्ट्रांच्या अंदाजानुसार सुमारे सात लाख लोकांचे घर किंवा रोजगार किंवा दोन्ही गेले. उद्ध्वस्त झालेल्या त्या माणसांसाठी देशात मानसोपचारतज्ज्ञ होते हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. डिक्सन चिबांडा हे त्यांतले एक. त्यांनी २००६ मध्ये राजधानी हरारेच्या म्बारे या वस्तीत चौदा आज्यांना हाताशी धरले. या आज्या आधीपासून आरोग्याचे काम करत होत्या आणि वस्तीत त्यांना मान होता. त्यांना ऐकून घेण्याचे शिक्षण दिले आणि दवाखान्याच्या आवारात झाडाखाली लाकडी बाक टाकला. नाव ठेवले मैत्रीचा बाक.

आजी बाकावर बसते. समोरच्याला ‘तुला नैराश्य आलंय’ असे ती म्हणत नाही. त्यांच्या शोना भाषेत ‘कुफुंगिसिसा’ असा शब्द आहे. त्याचा अर्थ फार विचार करणे. आपल्याकडे नाही का म्हणत, विचार करकरून डोकं फुटायची वेळ आलीय? तेच ते. आजी आधी सगळे बोलू देते. मग दोघी मिळून अडचणींची यादी करतात. त्यांतली एकच अडचण निवडतात आणि पुढच्या भेटीपर्यंत तिच्यावर करता येईल अशी एकच छोटी गोष्ट ठरवतात. बस, एवढेच. अशा काही भेटी झाल्या की माणूस एका गटात जातो. तिथे बाया गोल बसून प्लास्टिकच्या टाकाऊ पट्ट्यांपासून पिशव्या विणतात, गप्पा मारतात, थोडे कमावतातही.

याचा उपयोग झाला का? २४ दवाखान्यांतल्या ५७३ लोकांवर अभ्यास झाला आणि २०१६ मध्ये तो प्रसिद्ध झाला. सहा महिन्यांनंतर नेहमीचे उपचार घेणाऱ्यांपैकी जवळपास निम्म्या लोकांत नैराश्याची लक्षणे होती. आजीच्या बाकावर बसलेल्यांत ती १०० पैकी १४ जणांत उरली होती.

आपल्या जवळही असे घडले आहे. अमरावती जिल्ह्यातल्या ३० गावांत ‘विश्राम’ नावाचा प्रकल्प झाला. गावातल्याच साध्या माणसांना शिकवून त्यांच्यामार्फत नैराश्याबद्दल बोलणे, ऐकून घेणे आणि गरज पडेल तिथे डॉक्टरपर्यंत पोहोचवणे असे काम चालले. सुरुवातीला नैराश्य असलेल्या १०० जणांपैकी चार-पाच जणच मदतीपर्यंत पोहोचत होते. दीड वर्षाने सत्तावीस पोहोचू लागले. शेतकरी आत्महत्यांसाठीच ज्या भागाचे नाव घेतले जाते, तिथे हे झाले.

किसा गोतमीची कथा आपल्या घरात लहान मुलांनाही माहीत असते. मेलेले मूल कडेवर घेऊन ती औषध मागत फिरते. भगवान बुद्ध तिला सांगतात, ज्या घरात कोणी मेलेले नाही अशा घरातून मोहरी आण. आपण या कथेचा अर्थ एवढाच सांगतो की मृत्यू कोणाला चुकत नाही. पण तो अर्थ तिला बसल्या जागीही सांगता आला असता. तिला दारोदार का पाठवले? दारोदार गेली म्हणून तिने प्रत्येक घराचे दुःख ऐकले, स्वतःचे सांगितले. ती परतली तेव्हा मोहरी मिळाली नव्हती, पण ती एकटीही राहिली नव्हती. आम्हाला वाटते, तिचे औषध त्या दारोदारच्या बोलण्यात होते.

आधी हातपाय, मग मन

आता आनंदाकडे येऊ. खचलेला माणूस म्हणतो, ‘मन लागलं की करीन.’ मन लागेल, मग गाणे म्हणीन. बरे वाटेल, मग बहिणीकडे जाईन. प्रत्यक्षात गाडी उलट्या दिशेने चालते. काही केले नाही की मन आणखी खचते, मन खचले की काहीच करावेसे वाटत नाही. हे चक्र तोडायचे तर मनाची वाट न पाहता हातपाय आधी हलवावे लागतात.

गोव्यात हे करून पाहिले आहे. तिथे संगत या संस्थेने दहा प्राथमिक आरोग्य केंद्रांत तीव्र नैराश्याच्या ४९५ रुग्णांबरोबर काम केले. समुपदेशक म्हणून डॉक्टर नव्हते. थोडे दिवस शिकवून तयार केलेली साधी माणसे होती. सहा ते आठ भेटींत त्यांचा भर एकाच गोष्टीवर होता, की रुग्णाने पूर्वी आवडणारी आणि गरजेची छोटी छोटी कामे ठरवून पुन्हा सुरू करावीत. तीन महिन्यांनी अशा भेटी मिळालेल्या १०० पैकी ६४ जण आजारातून बाहेर आले होते. नेहमीचे उपचार मिळालेल्यांत हे प्रमाण ३९ होते. २०१७ मध्ये ‘लॅन्सेट’ या नामांकित वैद्यकीय नियतकालिकात हे छापून आले.

छोटी म्हणजे किती छोटी? सकाळी अंघोळ करून दारात पाच मिनिटे उन्हात बसणे. डब्यात तुळस-कोथिंबीर लावणे. दिवसातून एकदा कोणाशी तरी कामाव्यतिरिक्त बोलणे. जुने गाणे लावून भांडी घासणे. नातवाला पुस्तकातले एक पान वाचून दाखवणे, वाचता येत नसेल तर त्याच्याकडून वाचून घेणे. कामाची वेळ आणि दिवस ठरवायचा, ‘जमेल तेव्हा’ म्हणायचे नाही. नाही जमले तर स्वतःला शिव्या द्यायच्या नाहीत, काम आणखी लहान करायचे. पहिल्या आठवड्यात आनंद वाटणारच नाही. तरी करत राहायचे.

आपल्या बायांची इथे एक खास अडचण आहे. स्वतःसाठी अर्धा तास काढला तर त्यांना चोरी केल्यासारखे वाटते. घरातल्या पुरुषांनी आणि सासवांनी इथे मन मोठे करावे. तो अर्धा तास घरासाठीच आहे.

पुरुषांनाही सांगायचे आहे. दारूने विसर पडतो, आनंद मिळत नाही. दारू झोप उथळ करते आणि दुसऱ्या दिवशी मन आणखी खाली नेते. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या २०२२ च्या अहवालात देशभरात एक लाख सत्तर हजारांहून जास्त आत्महत्या नोंदल्या आहेत. सर्वांत जास्त आपल्या महाराष्ट्रात. मरणाऱ्यांत पुरुष बायकांच्या दुपटीहून जास्त, आणि चौघांतला एकाहून अधिक रोजंदारीवर काम करणारा. नाक्यावर उभा राहणारा, बिगारी, हमाल, म्हणजे आपलाच माणूस. ‘बाप्या माणूस रडत नाही’ हे वाक्य घरातून हद्दपार करायची वेळ झाली आहे.

बाबासाहेबांचे व्हायोलिन

कोणी म्हणेल, समाज एवढ्या हालात असताना गाणे-बजावणे सुचते कसे? त्यांनी बाबासाहेबांचे आयुष्य पाहावे. गंगाधर, रमेश, इंदू आणि राजरत्न ही त्यांची चार लेकरे लहानपणीच गेली. १९२६ मध्ये राजरत्न गेला तेव्हा बाबासाहेबांनी कोल्हापूरच्या दत्तोबा पवार या आपल्या स्नेह्याला पत्र लिहिले आणि त्यात आपले दुःख मोकळे केले. २७ मे १९३५ रोजी रमाई गेल्या. पुढे मधुमेहाने शरीर पोखरले, पायांच्या दुखण्याने झोप उडाली. ज्याला आपण पहाडासारखा मानतो त्या माणसानेही मित्राजवळ मन मोकळे केले होते, हे लक्षात ठेवा.

आणि याच माणसाने उतारवयात व्हायोलिन शिकायला घेतले. चित्रे काढली. त्यांना बागेचा नाद होता, कुत्र्यांचा लळा होता, आणि पुस्तकांचा आनंद तर विचारूच नका. त्या वेळी समाजाचे प्रश्न सुटले होते का? नव्हते. कामाचा डोंगर उपसताना त्यांनी आनंदाला जागा ठेवली. मग आपण ‘मला कुठली हौस’ म्हणायचे कारण काय?

धम्मात मैत्री, करुणा, मुदिता आणि उपेक्षा या चार भावना सांगितल्या आहेत. पहिल्या दोन आपण भाषणांत नेहमी घेतो, मुदिता मात्र मागे राहते. मुदिता म्हणजे दुसऱ्याच्या चांगल्यात आपल्याला आनंद वाटणे. गरिबाच्या घरी हे मोठे धन आहे. स्वतःच्या घरी आनंदाचे कारण महिन्यातून एकदा येईल, पण गल्लीत चाळीस घरे आहेत. कोणाची मुलगी नर्सिंगला लागली, कोणाला नात झाली, कोणाचे घरकुल मंजूर झाले. त्यांचा आनंद आपला मानला तर आठवड्याला कारण सापडते. ‘त्यांचं काय बाबा, नशीब’ म्हणून दार लावले, तर आपल्याच घरात अंधार होतो.

चौदा एप्रिलबद्दलही एक बोलतो, राग मानू नये. त्या दिवशीचा जल्लोष आमच्याही रक्तात आहे. पण वर्षाचा सगळा आनंद एका रात्रीच्या डीजेत ओतायचा आणि उरलेले दिवस कोरडे काढायचे, हे बरे नाही. त्या आवाजात म्हातारी माणसे आणि तान्ही लेकरे तळमळतात, ते वेगळेच. एका रात्रीच्या डीजेच्या पैशांत हार्मोनियम, ढोलकी आणि टाळ येतात, आणि ते वर्षभर दर आठवड्याला वाजतात. वामनदादा कर्डकांची गाणी आपल्या आज्यांना पाठ आहेत. चार जणांनी मिळून गाताना श्वास लांब होतो, खांदे सैल होतात, आपण एकटे नाही हे शरीरालाच कळते. आपल्या गायनपार्ट्यांनी समाज जागा केला, तसे मनही जपले. ती परंपरा वस्तीतल्या पोरांच्या हाती पुन्हा द्यायला हवी.

विहारात एक बाक

आमची सूचना छोटी आहे. प्रत्येक विहारात रविवारच्या वंदनेनंतर अर्धा तास बोलण्यासाठी ठेवावा. विहाराच्या ओट्यावर किंवा पिंपळाखाली एक बाक टाकावा. वस्तीतल्या दोन आज्या किंवा मावश्या आणि एक-दोन काका निवडावेत. निवडताना शिक्षण पाहू नये. ज्यांच्या पोटात गोष्ट राहते अशी माणसे पाहावीत. आशाताईला बरोबर घ्यावे. आरोग्य केंद्रातल्या डॉक्टरांना एकदा बोलावून त्यांच्याकडून मूळ गोष्टी शिकून घ्याव्यात.

बाकावर बसणाऱ्याने चार नियम पाळावेत. पहिला, समोरच्याचे पूर्ण ऐकून घ्यावे, मध्ये आपली कहाणी घुसडू नये. दुसरा, ‘मन घट्ट कर’, ‘लोकांचं बघ, त्यांना किती त्रास आहे’ ही वाक्ये वर्ज्य. तिसरा, शेवटी एकच छोटी गोष्ट ठरवावी आणि पुढच्या रविवारी तिची विचारपूस करावी. चौथा, ऐकलेले दुसऱ्या घरी जाऊ नये. एकदा गोष्ट फुटली की तो बाक कायमचा रिकामा राहील. घरात मारहाण होत असेल तर समजुतीच्या गोष्टी सांगून बाईला माघारी धाडू नये. तिला १८१ हा महिला हेल्पलाइनचा क्रमांक द्यावा आणि तिच्यासोबत उभे राहावे.

बाकाची ताकदही ओळखून असावे. काही वेळा बाकावरून थेट डॉक्टरकडेच जायचे असते. मरण्याचे बोलणे निघाले, कानात आवाज येतात असे कोणी सांगितले, चार-पाच रात्री झोपच नाही, अन्नपाणी सोडले, बाळंतीण बाळाकडे पाहत नाही किंवा सारखी रडते, तर थांबू नये. मरण्याबद्दल विचारले तर तो विचार डोक्यात भरेल ही भीती चुकीची आहे. ‘जीव नकोसा झालाय का?’ असे मायेने, सरळ विचारावे. माणसाला हायसे वाटते. त्याला एकटे सोडू नये.

सरकारची टेली-मानस ही फोनसेवा ऑक्टोबर २०२२ पासून सुरू आहे. क्रमांक १४४१६. पैसे लागत नाहीत, रात्री-अपरात्रीही चालतो, मराठीत बोलता येते. जिल्हा रुग्णालयात मनाच्या आजारांचा विभाग असतो. तिथे केसपेपर काढून दाखवता येते. मानसिक आरोग्य सेवा कायदा २०१७ नुसार सरकारी खर्चाने चालणाऱ्या सेवेतून उपचार मिळणे हा आपला हक्क आहे, आणि रुग्णाची माहिती गुप्त ठेवणे दवाखान्याला बंधनकारक आहे. जीव द्यायचा प्रयत्न केलेला माणूस तीव्र ताणाखाली होता असेच हा कायदा मानतो. त्याला शिक्षा देण्याऐवजी उपचार द्यायचे, असे कायदा सांगतो. त्यामुळे पोलीस केस होईल या भीतीने कोणी दवाखाना टाळू नये.

गोळ्यांबद्दल थोडे. नैराश्याच्या गोळ्यांचा गुण यायला दोन ते चार आठवडे लागतात. आठ दिवसांत फरक नाही म्हणून त्या सोडू नयेत, आणि बरे वाटले म्हणून डॉक्टरांना न विचारता एकदम बंदही करू नयेत. त्यांची दारूसारखी चटक लागत नाही. सवय लागते ती झोपेच्या काही गोळ्यांची. त्या मेडिकलमधून चिठ्ठीशिवाय आणून घेणे धोक्याचे आहे.

वर्षावासात आपण तीन महिने विहारात ग्रंथवाचन करतो. यंदा त्यात एका रविवारची भर घालू. त्या दिवशी वाचन झाल्यावर कोणी भाषण करू नये. बाक बाहेर काढावा, चहा ठेवावा, ढोलकी जवळ असू द्यावी. आणि गल्लीतली जी मावशी गेले दोन महिने विहारात दिसलेली नाही, तिच्या घरी दोघींनी जाऊन तिला हाताला धरून आणावे. ती बोलली तर ऐकावे. नाही बोलली तर शेजारी बसून चहा प्यावा. पुढच्या रविवारी पुन्हा जावे.

नमो बुद्धाय, जय भीम.